‘अनुनादा’च्या भरवशावर फिटच्या गोळ्या बंद करू नका

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत ‘चेतना म्हणजे वास्तवाशी अनुनाद’ असं सांगणारा अर्ध्या पानाचा लेख आला होता. लेखकाचं म्हणणं थोडक्यात असं, की विश्वाला एक मूळ कंपन आहे, माणसाचा मेंदू तंबोऱ्यासारखा आहे, दोन्हींचा सूर जुळला की माणूस खऱ्या अर्थानं जागा होतो आणि सूर सुटला की आजारी पडतो. या सूर सुटलेल्या आजारांत त्यांनी फिट येण्यालाही बसवलं आहे. लेखाच्या बरोबर खाली ‘लय जुळवून देणाऱ्या’ निवासी शिबिराची जाहिरात होती आणि तीत बऱ्या होणाऱ्या रोगांमध्ये पहिलंच नाव मिरगीचं होतं.

मी मिरजेत ईईजी काढते. मेंदूची लय म्हणून जे काही असतं ते पूर्वी कागदावर आणि आता स्क्रीनवर उमटवणं हीच माझी नोकरी. माझे वडील तंबोऱ्याची जवारी काढायचे, म्हणजे तारा ज्या घोडीवर टेकतात ती घासून सूर मोकळा करायचे. म्हणजे ज्या दोन गोष्टींवर लेखकानं आपलं नवं विज्ञान उभं केलं, त्या दोन्हींच्या शेजारी माझा जन्म गेला. पत्र लांबलं आहे, तरी शक्य तेवढं छापावं.

ईईजी काय असतो ते आधी सांगते, कारण पुष्कळ जण दारातूनच विचारतात, “मॅडम, शॉक देता काय ओ?” शॉक नसतो. यंत्र देत काहीच नाही, फक्त घेतं. डोकं शांपूनं धुऊन, तेल न लावता यायचं. मी टेपनं डोकं मोजते, पेन्सिलीनं खुणा करते आणि पेस्ट लावून 21 वायरी चिकटवते. मेंदूतल्या पेशींची वीज कवटी आणि कातडी ओलांडून वर येईपर्यंत इतकी क्षीण होते, की ती मायक्रोव्होल्टमध्ये, म्हणजे व्होल्टच्या दहा लाखाव्या भागांत मोजावी लागते. साधारण 50 मायक्रोव्होल्ट. केसांना तेल असलं, पेस्ट वाळली किंवा अर्थची वायर सैल झाली, की मेंदू दिसेनासा होतो आणि रेघांच्या जागी जाड काळा पट्टा येतो. तो 50 हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला 50 कंपनांचा असतो, भिंतीतल्या लाइटच्या वायरिंगचा. बाहेरचं कंपन मोजमापात किती सहज घुसतं हे त्या पट्ट्यावरून कळतं. त्यामुळे ‘आमच्या यंत्रानं मेंदूत विश्वाचा सूर पकडला’ असं कुणी म्हटलं, की मी आधी अर्थिंगची चौकशी करते.

माणसाच्या डोक्यावरून ही वीज पहिल्यांदा नोंदवली ती हान्स बर्गर या जर्मन मानसोपचारतज्ज्ञानं, येना शहरात, 1924 साली. छापली 1929 साली. मधली वर्षं तो स्वतःच्याच नोंदींवर शंका घेत राहिला. हे हृदयाचे ठोके तर नाहीत? कातडीची थरथर तर नाही? या बर्गरची गोष्ट लेखकानं वाचायला हवी होती. तरुणपणी लष्करात असताना तो घोड्यावरून पडला आणि तोफेच्या गाड्याखाली जाता जाता वाचला. त्याच दिवशी घरून तार आली. दूर असलेल्या बहिणीला आपला भाऊ संकटात आहे असं वाटलं होतं. एका मनाचं कंपन दुसऱ्या मनापर्यंत पोचतं, याचा भौतिक आधार शोधायचा म्हणूनच तो मेंदूकडे वळला. आपल्या लेखकाला जे हवं आहे, तेच बर्गरलाही हवं होतं. हाती लागलं ते वेगळंच. डोळे मिटून निवांत पडलेल्या माणसाच्या डोक्याच्या मागच्या बाजूला सेकंदाला सुमारे दहा वेळा वरखाली होणारी एक लाट, जिला आपण आज अल्फा म्हणतो. त्यानं ती दिसली तशी जगापुढे ठेवली. मला त्याच्याबद्दल फार आदर आहे, तो यासाठी.

ती लाट मी रोज पाहते. “डोळे मिटा” म्हटलं की ती उभी राहते, गोल, एकसारखी, बघत बसावं अशी. “डोळे उघडा” म्हटलं की मोडते. समोरची भिंत, फिरणारा पंखा, मी, दारातली आई हे सगळं आत शिरलं, की त्या सुंदर लयीची बारीक वेडीवाकडी रेघ होते. डोळे न उघडता मनातल्या मनात शंभरातून सात-सात वजा करायला लावलं, तरी ती ढळते. केंब्रिजच्या एड्रियन आणि मॅथ्यूज या दोघांनी 1934 मध्ये हे पुन्हा तपासून पक्कं केलं. वास्तव आत आलं की लय मोडते, असं यंत्र दाखवतं. लेखात नेमकं उलट छापलं आहे.

आता त्याहून महत्त्वाचं. दुसरी-तिसरीतली मुलं आमच्याकडे येतात. शाळेची तक्रार असते, की लक्ष नाही, मधेच टक लावून बघत राहतो, हाक मारली तर ओ देत नाही. हीही फिटच असू शकते; असली तर ती आमच्यासमोर यावी म्हणून अशा मुलाला तीन मिनिटं जोरजोरात श्वास सोडायला लावावा लागतो. लहान मूल नुसतं सांगून ते करत नाही, म्हणून माझ्या खणात भिरभिरं असतं. एका मुलाचं सांगते. गडी उत्साहानं फुंकत होता, भिरभिरं गरगरत होतं, मी “फुंक बाळा, थांबू नको” म्हणत होते. थोड्या वेळानं भिरभिरं मंदावलं आणि थांबलं. त्याच क्षणी स्क्रीनवर कपाळापासून मानेपर्यंतच्या सगळ्या रेघा एकदम उसळल्या. टोकदार काटा, त्याच्यामागे गोल लाट, पुन्हा काटा, पुन्हा लाट, सेकंदाला तीन. डावी बाजू, उजवी बाजू, सगळं एका तालात. त्याच्या पापण्या बारीक फडफडत होत्या, हात भिरभिऱ्यावर तसाच. मी मोठ्यानं म्हटलं, “आंबा.” दहाएक सेकंदांत सगळं ओसरलं आणि भिरभिरं परत फिरायला लागलं. विचारलं, “मी मघाशी कशाचं नाव घेतलं रे?”

“तुम्ही काय बोललाच न्हाई.”

आई स्टुलावर बसली होती. ती म्हणाली, “आंबा म्हटल्या की बाई, मी ऐकलं.” आणि तिला रडू फुटलं. याच गोष्टीपायी तिनं त्याला मारलं होतं.

ही काटा-लाट बोस्टनच्या गिब्ज, डेव्हिस आणि लेनॉक्स यांनी 1935 मध्ये पहिल्यांदा मांडली. मेंदू इतका एकसूर एरवी क्वचितच होतो, आणि त्या दहा सेकंदांत मूल तिथं नसतं. खुर्चीत बसलेलं असतं, डोळे उघडे असतात, पण नसतं. गाढ झोपेतही मेंदूच्या लाटा उंच, संथ आणि एकत्र चालणाऱ्या होतात. ऑपरेशनची नेहमीची भूल दिली की तसंच. मोठ्या फिटमध्ये तर माणूस जमिनीवर पडून हातपाय झाडत असतो आणि रेघा एकजुटीनं धडधडत असतात. लय जुळणं हीच चेतना असती, तर फिट आलेल्या माणसाइतकं जागं कुणीच नसतं.

बाहेरच्या जगाशी मेंदूचा ताल जुळतो, असंही आम्ही मुद्दाम करून पाहतो. भिरभिऱ्यानंतर डोळ्यांसमोर दिवा लुकलुकवायचा असतो. तो सेकंदाला दहा वेळा लुकलुकला की पुष्कळांच्या डोक्याच्या मागच्या भागातली लाटही दहाच्या तालावर चालू लागते. चौदा केला तर चौदावर जाते. लेखकाला अभिप्रेत असलेल्या अनुनादाच्या सगळ्यात जवळचं, मोजता येण्यासारखं काही असेल तर ते हे. त्यानं कुणाची जाणीव उजळलेली मी पाहिली नाही. काहींना मात्र फिट येते, आणि तेच तपासायला दिवा असतो. 16 डिसेंबर 1997 रोजी जपानमध्ये टीव्हीवरच्या एका लाडक्या कार्टूनमध्ये लाल-निळा प्रकाश सेकंदाला साधारण बारा वेळा लुकलुकला. त्या संध्याकाळी 685 जणांना, बहुतेक लहान मुलांना, दवाखान्यात न्यावं लागलं. बाहेरचा ताल मेंदूनं फार इमानानं धरला, तर असंही होतं.

तंबोऱ्याचा दाखला दिलाच आहे, तर तंबोऱ्याबद्दलही नीट बोलू. मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला 2024 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. सतारमेकर गल्लीतल्या लोकांचा तो पिढ्यान्‌पिढ्यांचा हक्कच होता. वडील घोडीची पाठ कानशीनं घासायचे, किंचित, मग तार आणि घोडी यांच्यामध्ये सुती दोरा सरकवत न्यायचे. केसभर पुढं, केसभर मागं, मान वाकडी करून, कान भोपळ्याजवळ. दोरा एका जागी आला की तार एकदम बोलायला लागायची, एका तारेतून सुरांची रास उठायची. सी. व्ही. रामन यांनी 1921 मध्ये याच्यावरच संशोधन मांडलं. नियम असा होता, की तार ज्या बिंदूवर छेडली तिथे ज्या उपसुराचा, म्हणजे मूळ सुरासोबत उठणाऱ्या वरच्या सुराचा, स्थिर बिंदू असतो, तो उपसूर त्या तारेतून निघू शकत नाही. रामन यांनी दाखवलं, की तंबोऱ्यात तो निघतो. कारण तार घोडीवर स्वच्छ टेकलेली नसते, तिच्या उतरत्या पाठीला स्पर्श करत, सुटत, पुन्हा स्पर्श करत कंप पावते. तंबोऱ्याची श्रीमंती एका शुद्ध कंपनात नाही, या स्पर्शात आहे. तंबोरा हाती धरणाऱ्याला हे बोटांनी माहीत असतं.

अनुनाद किती काटेकोर असतो, तेही वडिलांनी दाखवलं होतं. सतारीच्या तरफांवर, म्हणजे मुख्य तारांखालच्या, आपोआप गुंजणाऱ्या तारांवर कागदाचे कपटे ठेवायचे आणि वरची तार छेडायला सांगायचे. जुळलेल्या तरफेवरचा कपटा टुणकन उडायचा. शेजारची तरफ जराशी उतरलेली असली, तर तिच्यावरचा कपटा ढिम्म. दोन वस्तू, दोन मोजता येणारी कंपनं, आणि जुळली नाहीत तर काहीही होणार नाही ही अट. या अटीशिवाय अनुनाद नाही. अर्ध्या पानाच्या त्या लेखात कपटा कोणता आणि तो केव्हा उडणार नाही, हे कुठंच सांगितलेलं नाही. सूर जुळला तर तुम्ही बरे झालात, नाही जुळला तर तुमची श्रद्धा कमी पडली. असल्या मांडणीला चुकायची सोयच नसते, आणि ज्याला चुकायची सोय नाही ते विज्ञानाच्या नावानं छापू नये, एवढं तरी आपल्या उपसंपादकांना मान्य व्हावं.

लेखात आकडा एकच आहे, 7.83 हर्ट्झ, ‘विश्वाचा मूळ सूर’. हा आकडा खरा आहे, पण तो विश्वाचा नाही. जमीन आणि वरचं आयनांबर (हवेतला विद्युतभारित कणांचा थर) यांच्यामध्ये पृथ्वीभोवती एक पोकळी आहे. जगभर सेकंदाला चाळीस-पन्नास विजा चमकत असतात आणि त्यांच्या लहरी या पोकळीत पृथ्वीला वळसा घालतात. विन्फ्रीड ओटो शुमान यांनी 1952 मध्ये याचं गणित मांडलं. प्रकाशाचा वेग सेकंदाला सुमारे 3,00,000 किलोमीटर, पृथ्वीचा परीघ सुमारे 40,000. भागाकार करून बघा, साडेसात येतो. प्रत्यक्षात मोजला तर 7.8च्या आसपास. म्हणजे हा आकडा आपल्या ग्रहाच्या आकारमानातून येतो, गुरूवर तो वेगळा असेल. आणि त्याची ताकद? ज्या चुंबकत्वावर होकायंत्राची सुई फिरते, ते या लहरींच्या काही कोटी पट मोठं आहे. मेंदूची एखादी लाट साताठ हर्ट्झची असते म्हणून ती पृथ्वीशी जुळली असं म्हणायचं, तर साताठ हर्ट्झनं हलणारं जे जे काही घरात असेल ते सगळं जुळलं म्हणावं लागेल.

चेतनेचा अभ्यास करणारी खरी माणसं कशी वागतात, तेही वाचकांना कळावं. डीएनएची रचना शोधणाऱ्या दोघांपैकी एक, फ्रान्सिस क्रिक, आणि ख्रिस्तोफ कॉख यांनी 1990 मध्ये सुचवलं होतं, की मेंदूच्या पेशी सेकंदाला सुमारे 40 वेळा एका तालात विजेचे ठोके देतात, त्यातच जाणिवेचं मूळ असावं. लयीचीच कल्पना होती ती. पण ती तपासता येण्यासारखी होती, लोकांनी तपासली, आणि 2003 मध्ये या दोघांनीच लिहिलं, की एवढा ताल पुरेसा आहे असं आम्हाला आता वाटत नाही. याच कॉख यांनी 1998 मध्ये डेव्हिड चाल्मर्स या तत्त्वज्ञाशी पैज लावली होती, की 25 वर्षांत जाणिवेची मेंदूतली खूण स्पष्ट सापडेल. 2023 मध्ये न्यूयॉर्कला भरसभेत त्यांनी वाइनची पेटी देऊन पैज हरल्याचं मान्य केलं. यातलं काहीच त्या लेखात नाही.

आणि मिलानच्या मार्सेलो मासिमिनी यांच्या गटाचं काम तर मला आमच्या घरातलंच वाटतं. ते मेंदूला चुंबकाची एक टिचकी मारतात आणि ईईजीवर तिचे पडसाद पाहतात. जागा माणूस असेल तर पडसाद दूरवर जातो, इथं एक, तिथं दुसरा, गुंतागुंतीचा. गाढ झोपेत किंवा भुलीत तीच टिचकी जागच्या जागी विरते, नाहीतर सगळीकडे एकच ठोकळेबाज लाट पसरते. 2013 मध्ये त्यांनी या गुंतागुंतीला एक आकडा दिला. अपघातानंतर महिनोन्‌महिने निपचित पडलेला माणूस आत जागा आहे का, हे ओळखायला डॉक्टरांना आता काही ठिकाणी त्याची मदत होते. ज्यांच्या घरी असं माणूस पडून आहे, त्यांना विचारा या आकड्याची किंमत. तिथंही जागेपणाची खूण सूर एक होणं ही नाही, एकत्र असून वेगवेगळं बोलणं ही आहे.

ध्यानाला, भजनाला माझा विरोध नाही. मीरासाहेबांच्या उरुसात, अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ रात्रभर गाणं चालतं, तिथं मी लहानपणापासून बसत आले आहे. जुळलेल्या तंबोऱ्यांमध्ये बसून ‘मी’ विरघळल्यासारखं होतं, ते मला ठाऊक आहे. तो अनुभव खरा आहे, आणि त्याला कुणाच्या हर्ट्झची गरज नाही.

मी लिहायला बसले ते एका मुलीमुळे. दहावीची, हुशार. गोळ्यांवर तिची फिट पूर्ण थांबली होती. घरच्यांनी तिला अशाच एका शिबिराला नेलं; कुठल्या ते लिहीत नाही. तिथं सांगण्यात आलं, की गोळ्यांनी मेंदूची नैसर्गिक लय दबते, त्या सोडल्याशिवाय अनुनाद होणार नाही. गोळ्या एकदम बंद केल्या. काही दिवसांतच तिला सलग फिट सुरू झाली. एक थांबते न थांबते तोच दुसरी, मधे शुद्धच नाही. आयसीयूत व्हेंटिलेटरवर असताना तिच्या उशाशी जाऊन मी ईईजी काढला. बाहेर तिचे वडील मला म्हणाले, “मॅडम, लय जुळत आली की आधी त्रास वाढतो, असं त्यांनी सांगितलं हुतं. म्हणून आम्ही एक रात्र थांबलो.”

ती वाचली. परीक्षा गेली, आणि पूर्वीसारखं पाठांतर होत नाही म्हणते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या म्हणण्यानुसार जगात सुमारे 5 कोटी लोकांना हा आजार आहे आणि योग्य औषध मिळालं तर त्यांतल्या 70 टक्क्यांपर्यंत लोकांची फिट थांबू शकते. औषध महाग नाही, सरकारी दवाखान्यात मिळतं. आपल्याकडं आधीच कांदा हुंगवतात, चप्पल नाकाशी धरतात, पोरीची सोयरीक मोडेल म्हणून आजार लपवतात. त्यात आता शास्त्राची भाषा बोलणारा हा नवा प्रकार शिकल्या-सवरल्या घरांत शिरतो आहे, आणि तो आपल्या वर्तमानपत्राच्या विश्वासावर शिरतो आहे.

‘औषधे व जादुई उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) अधिनियम, 1954’ या कायद्याच्या परिशिष्टात ज्या रोगांवर उपचाराचा दावा करणारी जाहिरात करता येत नाही, त्यांत अपस्माराचं, म्हणजे याच फिटच्या आजाराचं, नाव आहे. जाहिरात देणाऱ्यासोबत ती प्रसिद्ध करण्यात भाग घेणाराही या कायद्याच्या कक्षेत येतो. आपल्या जाहिरात विभागानं हे परिशिष्ट टेबलावर ठेवावं. माझी दुसरी मागणी अशी, की येत्या रविवारी पुरवणीच्या त्याच पानावर, त्याच आकाराच्या अक्षरांत छापावं: फिटच्या गोळ्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय बंद करू नयेत, एकदम तर कधीच नाही; आणि फिट पाच मिनिटांत थांबली नाही, किंवा शुद्ध येण्याआधी दुसरी आली, तर वाट न पाहता 108ला फोन करून दवाखाना गाठावा.

— एक ईईजी तंत्रज्ञ, मिरज
(माझ्या नावावरून रुग्णांची ओळख पटू शकते, म्हणून कृपया नाव छापू नये.)